हरवलेले दहा वंश आणि शनिवार तेली

(शेतकरी व कारागीर बंधुभगिनींच्या सभेपुढें झालेलें भाषण)

आजच्या भाषणाचा विषय ऐकून तुमच्यापैकीं पुष्कळांच्या मनांत असें आलें असेल कीं, सुमारें पावणेतीन हजार वर्षांपूर्वीं पश्चिम आशियांत हरवलेल्या कोणा लोकांशीं आमच्या नांगराचा, घाण्याचा व मागाचा काय संबंध? संबंध आहे, व तो दोन प्रकारचा आहे. एक तर, त्या हरवलेल्या लोकांचे वंशज म्हणून जगांत ज्यांच्याकडे बोट दाखविलें गेलें, त्यांत आपल्या कोंकणांतले तेलीही आहेत. दुसरें असें कीं, अमक्याचें मूळ कोठलें ह्या एका प्रश्नावर जगांत जमिनी गेल्या, कायदे झाले, लग्नें अडलीं. कुळाची कथा कोण सांगतो, कोणाच्या फायद्यासाठीं सांगतो आणि तिचा भार कोणाच्या डोक्यावर पडतो, हें आपल्या लोकांना पारखतां यावें म्हणून ही हकीकत मी आज तुमच्यापुढें मांडणार आहे.

प्रथम मूळ गोष्ट ऐका. बायबलाच्या जुन्या करारांत असें लिहिलें आहे कीं, याकोब नांवाच्या मूळ पुरुषाला इस्राएल हें दुसरें नांव मिळालें, आणि त्याच्या बारा मुलांपासून बारा वंश झाले. हे लोक मेंढरें राखणारे, गहूं व जव पिकविणारे, द्राक्षांचे व जैतुनाचे मळे करणारे होते. शलमोन राजा मेल्यावर, म्हणजे इसवी सनापूर्वीं सुमारें ९३० मध्यें, त्यांच्या राज्याचे दोन तुकडे झाले. कां झाले? बायबल सांगतें कीं, रयत नव्या राजाकडे गेली आणि म्हणाली, तुझ्या बापानें कर व वेठ ह्यांचें जूं फार जड केलें आहे, तें हलकें कर. म्हाताऱ्या कारभाऱ्यांनीं, रयतेचें ऐक, असा सल्ला दिला. पण राजानें आपल्या तरुण सोबत्यांचें ऐकून जूं आणखी जड करण्याची धमकी दिली. तेव्हां उत्तरेचे दहा वंश निघून गेले. त्यांच्या राज्याला इस्राएल हें नांव राहिलें व शोमरोन ही त्याची राजधानी झाली. दक्षिणेस यरुशलेम राजधानी असलेलें यहूदाचें राज्य उरलें. यहुदी हा शब्द त्या यहूदावरून आला आहे.

ह्या उत्तरेच्या राज्यावर अश्शूरच्या बादशहांची धाड आली. अश्शूर म्हणजे आजच्या इराकचा उत्तर भाग. इसवी सनापूर्वीं ७२२ च्या सुमारास शोमरोन पडलें. सारगोन नांवाच्या अश्शूरच्या राजानें आपल्या कोरीव लेखांत, आपण तेथून २७,००० हून अधिक माणसें नेलीं, असें अभिमानानें नोंदून ठेविलें आहे. अश्शूरची ही नेहमींचीच रीत होती. जिंकलेल्या मुलुखांतले सैनिक, कारागीर व शेतकरी उचलावयाचे आणि दूरच्या मुलुखांत नेऊन वसवावयाचे. तिकडचे लोक इकडे आणावयाचे. त्यानें बंडाची मुळी तुटत असे, पडीक जमीन लागवडीस येत असे, आणि राजवाडे व तटबंद्या बांधावयास फुकटचे हात मिळत असत. ह्या लोकांना हाबोर नदीच्या कांठीं व मेदी लोकांच्या गांवांत वसविलें, असें बायबलांतच म्हटलें आहे.

आतां विचार करा. हे लोक खरोखर हरवले काय? सगळे नेले गेलेच नव्हते. पुष्कळ जण आपल्या शेतावरच राहिले. शोमरोनी म्हणविणारा एक लहानसा समाज, आपण त्याच दहा वंशांपैकीं आहों असें सांगणारा, नाब्लुसजवळच्या गरिज्जीम डोंगरावर अजूनही आपला सण पाळतो. कित्येक जण दक्षिणेस यहूदाच्या राज्यांत पळाले. त्या काळांत यरुशलेम शहर एकाएकीं वाढल्याचें उत्खननांत दिसतें. जे परदेशीं नेले गेले, ते तिकडेच नांगर धरून राहिले. तिकडच्या मुली केल्या, तिकडची बोली शिकले, आणि कांहीं पिढ्यांनीं तिकडचेच झाले. अश्शूरच्या मातीच्या पाट्यांवरील हिशोबांत इस्राएली धाटणीचीं नांवें सांपडतात. पुढें तीं दिसेनाशीं होतात. तात्पर्य, हे लोक हरवले नाहींत, मिसळले. दुष्काळांत घाट उतरून मुंबईच्या गिरणींत गेलेला माणूस आपल्या गांवाला हरवतो, पण जगाला हरवत नाहीं, तसाच हा प्रकार.

मग दंतकथा कशी उठली? यहूदाचें राज्यही पुढें इसवी सनापूर्वीं ५८६ च्या सुमारास बाबिलोनच्या राजानें बुडविलें आणि तेथील लोकांनाही धरून नेलें. परंतु त्यांपैकीं कांहीं जण अर्धशतकानें परत आले. हे आले, तर ते दहा वंशही केव्हां तरी येतील, अशी आशा लोकांच्या मनांत राहिली. पुढें रोमन लोकांनीं यरुशलेमचें देऊळ इसवी सन ७० मध्यें जाळलें व यहुदी देशोधडीला लागले, तेव्हां ही आशा जास्तच बळावली. ते दहा वंश कोठें तरी आपलें राज्य करून सुखानें नांदत आहेत, सहा दिवस धोंडे फेंकीत वाहणाऱ्या आणि शनिवारीं शांत होणाऱ्या सांबात्योन नदीच्या पलीकडे ते आहेत, अशा गोष्टी गरीब घरांतून मुलांना सांगितल्या जाऊं लागल्या. नदी शनिवारीं थांबते, पण शनिवारीं प्रवास करणें धर्माला मान्य नाहीं. म्हणून ते येऊं शकत नाहींत! गांजलेल्या माणसाला आपला कोणी बलवान भाऊबंद दूर कोठें आहे ह्या विचारानें धीर येतो. त्यांत हंसण्यासारखें कांहीं नाहीं.

नवव्या शतकाच्या शेवटीं उत्तर आफ्रिकेंत कैरवान शहरीं एल्दाद नांवाचा एक मनुष्य आला. मी दान वंशाचा, आमचे चार वंश कूश देशांत, म्हणजे हबसाणाच्या बाजूस, स्वतंत्र राहतात, असें तो म्हणाला. तेथल्या पंडितांनीं बगदादच्या बाजूच्या मोठ्या गुरूंना पत्र लिहून विचारलें. हा एल्दाद खरा कीं ठक, ह्यावर विद्वान आजवर भांडत आले आहेत. पण त्याचें बोलणें लिहून ठेवलें गेलें, तें ध्यानांत ठेवा. त्याचें काम पुढें आहे.

१५२४ सालीं रोम शहरांत दावीद रूबेनी नांवाचा मनुष्य पांढऱ्या घोड्यावर बसून शिरला. आपला भाऊ अरबस्तानांतील रूबेन, गाद व अर्ध्या मनश्शे वंशाचा राजा आहे, त्याला तोफा द्या, आपण मिळून तुर्कांशीं लढूं, असें त्यानें पोपला सांगितलें. पोपनें त्याची भेट घेतली व पोर्तुगालच्या राजाला पत्र दिलें. पोर्तुगालांत जबरदस्तीनें ख्रिस्ती केलेले हजारों यहुदी होते. आतां आपला तारणहार आला, असें त्यांना वाटलें. एका तरुण सरकारी कारकुनानें उघडपणें जुना धर्म पुन्हा घेतला, सोलोमन मोल्खो असें नांव धारण केलें, आणि १५३२ सालीं इटलींत त्याला जिवंत जाळण्यांत आलें. रूबेनीही इन्क्विझिशनच्या कैदेंत मेला. राजे व पोप ह्यांचें कथेपायीं फारसें कांहीं गेलें नाहीं. जीव गेले ते कथा मनापासून खरी मानणाऱ्यांचे.

आतां ह्या दंतकथेनें झालेलें एक बरें कामही सांगितलें पाहिजे. १६४४ सालीं आंतोनियो दे मोंतेझिनोस नांवाचा प्रवासी आम्स्टरडॅम शहरीं आला. दक्षिण अमेरिकेच्या डोंगरांत आपल्याला यहुद्यांची प्रार्थना म्हणणारे लोक भेटले, असें त्यानें शपथेवर सांगितलें. तेथील मनस्से बेन इस्राएल नांवाच्या विद्वान रब्बीनें त्यावरून १६५० सालीं एक पुस्तक छापलें. यहुदी पृथ्वीच्या चारी कोपऱ्यांत पसरल्यावांचून त्यांच्या सुटकेचा दिवस येणार नाहीं, अशी समजूत होती. ते अमेरिकेंतही आहेत, मग इंग्लंडांत कां नसावेत? इंग्लंडांतून १२९० सालीं यहुद्यांना हांकलून दिलें होतें. मनस्से १६५५ सालीं लंडनला गेला व क्रॉमवेलकडे त्यानें अर्ज केला. उघड कायदा झाला नाहीं. पण १६५६ पासून तेथें यहुद्यांना राहूं देण्यांत आलें. इंग्रज व्यापाराचा फायदा पाहत होते हें खरें. तथापि, अमेरिकेंतल्या डोंगरांतील एका खोट्या ठरलेल्या बातमीनें साडेतीनशेंहून अधिक वर्षें बंद असलेल्या दाराला धक्का दिला, हेंही तितकेंच खरें.

परंतु त्याच अमेरिकेंत ह्याच तऱ्हेच्या कथेनें काय केलें, तें आतां ऐका. कुंभार, गवंडी, बेलदार मंडळींनीं हें विशेष लक्ष देऊन ऐकावें. अमेरिकेंत मिसिसिपी व ओहायो नद्यांच्या खोऱ्यांत मातीचे प्रचंड टेंकाड बांधलेले आहेत. सेंट लुईस शहराजवळ काहोकिया म्हणून जागा आहे. तेथील सर्वांत मोठें टेंकाड सुमारें शंभर फूट उंच आहे. चाकाची गाडी नाहीं, बैल नाहीं, घोडा नाहीं. माणसांनीं टोपल्यांनीं माती वाहून तें हजार वर्षांपूर्वीं उभें केलें. गोऱ्या वसाहतवाल्यांनीं जेव्हां हीं कामें पाहिलीं, तेव्हां त्यांना प्रश्न पडला: हीं कोणीं बांधलीं? समोर त्या देशाचे मूळ रहिवासी उभे होते. पण, हे रानटी लोक, ह्यांच्या हातून असें काम कसें होईल, असें ठरवून गोऱ्यांनीं बांधणारे दुसरे शोधले. कोणी म्हणाला फिनीशियन, कोणी आणखी कांहीं, आणि पुष्कळांनीं इस्राएलचे हरवलेले दहा वंश हे नांव घेतलें. १८६० सालीं ओहायो प्रांतांत नेवार्क येथें हिब्रू अक्षरें कोरलेले दगडसुद्धां टेंकाडांत सांपडल्याचें जाहीर झालें; ते बनावट होते, असें आज पंडित मानतात.

हा नुसता पंडितांचा खेळ नव्हता. १८३० सालीं अमेरिकेच्या सरकारनें मूळ रहिवाशांना त्यांच्या जमिनीवरून उठवून मिसिसिपीच्या पलीकडे लोटण्याचा कायदा केला. त्याच वर्षाच्या डिसेंबरांत अध्यक्ष अँड्र्यू जॅक्सन ह्यानें आपल्या संदेशांत ह्याच टेंकाडांकडे बोट दाखविलें. एक बलाढ्य जात येथें पूर्वीं होती, ती नाहींशी होऊन हे रानटी लोक आले, मग आतां ह्यांनींही जावें ह्यांत नवल तें काय, असा त्याच्या बोलण्याचा मथितार्थ होता. १८३८-३९ च्या हिंवाळ्यांत चेरोकी लोकांना बंदुकीच्या धाकानें शेंकडों मैल चालविलें. त्यांत सुमारें चार हजार माणसें मेल्याचा अंदाज आहे. बंधूंनो, हा कावा समजून घ्या. आधीं माणसाच्या हातचें काम दुसऱ्याच्या नांवावर चढवावयाचें. मग म्हणावयाचें, तुझें येथें कांहींच नाहीं. मग जमीन घ्यावयाची. १८९४ सालीं सायरस टॉमस नांवाच्या संशोधकानें शेंकडों टेंकाड तपासून सरकारी अहवालांतच सिद्ध केलें कीं, हीं कामें ह्या मूळ रहिवाशांच्या वाडवडिलांचींच होतीं. पण तोंपर्यंत जमीन गेली होती. खरा इतिहास साठ वर्षें उशिरां आला.

ह्याच्या उलट, त्याच काळांत विल्यम एपेस नांवाचा पीक्वॉट जमातीचा एक उपदेशक होऊन गेला. त्यानें तीच कथा आपल्या हातांत घेतली. आम्हीच ते हरवलेले दहा वंश आहों. मग ज्या लोकांच्या धर्मग्रंथाला तुम्ही मस्तक लवविता, त्यांच्याच मुलांना तुम्ही कसें लुबाडतां, असा त्यानें गोऱ्यांना सवाल केला. म्हणजे एकच कथा एकाच्या हातीं चाबूक झाली, तर दुसऱ्याच्या हातीं ढाल झाली.

इंग्लंडांत तर मौज झाली. तेथें एकोणिसाव्या शतकांत असें मत निघालें कीं, हरवलेले दहा वंश म्हणजे दुसरे तिसरे कोणी नसून आपण इंग्रजच! एडवर्ड हाइन नांवाच्या गृहस्थानें त्याच्या सत्तेचाळीस खुणा छापून काढल्या. शत्रूंच्या वेशी तुझ्या वंशजांच्या ताब्यांत येतील असें वचन बायबलांत आहे. मग जिब्राल्टर, एडन हीं ठाणीं आमच्या ताब्यांत आहेत, हाच पुरावा, असा हा तर्क. तलवारीनें घेतलेल्या राज्याला देवाच्या सहीचा कागद मिळाला. ह्या पंथाच्या लोकांनीं १८९९ ते १९०२ ह्या सालांत आयर्लंडमधील तारा नांवाची पवित्र टेंकडी, देवाचा करारकोश सांपडेल म्हणून खणून काढली. सांपडलें कांहीं नाहीं, प्राचीन जागेची मात्र नासाडी झाली. ह्याच मताची एक फांदी पुढें अमेरिकेंत वाढली व तिनें फार विषारी रूप घेतलें: गोरे तेवढे खरे इस्राएल, आणि प्रत्यक्ष यहुदी तर सैतानाची औलाद! ज्यांची वंशावळ चोरली, त्यांनाच घराबाहेर काढलें.

आपल्या बाजूलाही अशी कथा आहे. जहांगीर बादशहाच्या काळांत, १६१३ च्या सुमारास, नियामतुल्लानें अफगाणांचा इतिहास फारशींत लिहिला. त्यांत पठाणांचें मूळ इस्राएलच्या तालूत राजाच्या अफगाणा नांवाच्या नातवाकडे नेलें आहे. पठाणांची पश्तो भाषा इराणी कुळांतली आहे. पण दरबारांत उभें राहावयाचें म्हणजे मोठ्या राजाचा पणतू असल्याचें दाखवावें लागे. आपल्याकडेही गादीवर बसल्यावर वंशावळी लिहवून घेणारे आणि दक्षिणा घेऊन त्या लिहून देणारे थोडे झाले नाहींत.

आतां कोंकणांत येऊं. कुलाबा जिल्हा, ज्याला १९८१ पासून रायगड म्हणतात, त्यांत अलिबागजवळ नवगांव म्हणून गांव आहे. बेने इस्राएल लोकांची परंपरा अशी कीं, फार पूर्वीं त्यांचें गलबत ह्या किनाऱ्यावर फुटलें. सात पुरुष व सात बायका तेवढ्या वांचल्या. मृतांना तेथेंच पुरलें. पोथ्यापुस्तकें समुद्रांत गेलीं. वांचलेल्यांनीं गांवांत आसरा घेतला व घाणा धरला. देव एक आहे हें सांगणारी एक प्रार्थना, आठव्या दिवशीं मुलाची सुंता, खवले नसलेली मासळी न खाणें, आणि शनिवारीं घाणा बंद, एवढाच धर्म त्यांच्याजवळ उरला. शनिवारीं बैल सोडून ठेवणारे म्हणून गांवकऱ्यांनीं त्यांना शनिवार तेली म्हटलें. रोहेकर, पेणकर, दिवेकर, केहीमकर, नवगांवकर अशीं गांवांवरून त्यांचीं आडनांवें पडलीं. बोली मराठी, बायकांचें नेसणें लुगडें, नवसाचा मलिदा पोहे, गूळ व खोबऱ्याचा. आपल्या गांवगाड्यांत कोणीं त्यांना त्यांच्या धर्मासाठीं छळल्याची आठवण त्यांच्या परंपरेंत नाहीं. ही गोष्ट मराठी मुलुखाला भूषणास्पद आहे.

पुढें दावीद राहाबी म्हणून एक यहुदी त्यांच्यांत आला, असें ते सांगतात. हे खरे आपले लोक आहेत काय, हें पाहण्यासाठीं त्यानें बायकांच्या हातीं निरनिराळी मासळी रांधावयास दिली. बायकांनीं खवले नसलेली मासळी वेगळी काढली आणि ही आम्ही खात नाहीं म्हणून सांगितलें. तेवढ्यानें त्याची खात्री पटली. सर्व पोथ्या बुडाल्या, पण चुलीजवळच्या बाईनें धर्म राखला, हें आपल्या भगिनींनीं लक्षांत घ्यावें. पुढें हे लोक आंग्र्यांच्या आरमारांत व नंतर कंपनीच्या पलटणींत चाकरीस गेले. समाजी हसाजी दिवेकर ह्या शिपाईगड्यानें १७९६ सालीं मुंबईस मांडवींत त्यांचें पहिलें प्रार्थनामंदिर बांधलें. ते त्याला आपल्या बोलींत मशीद म्हणत.

ह्या तेल्यांचें मूळ काय? मुंबईचे मिशनरी डॉक्टर जॉन विल्सन ह्यांचें मत असें पडलें कीं, हे स्वतःला यहुदी न म्हणतां इस्राएलचीं लेंकरें म्हणवितात, त्या अर्थीं हे हरवलेल्या दहा वंशांपैकींच असावेत. ह्या समाजाचा इतिहास लिहिणारे हाईम सॅम्युएल केहीमकर ह्यांनीं आगमनाचा काळ इसवी सनापूर्वीं १७५ च्या सुमाराचा धरला. २०१६ सालीं प्रसिद्ध झालेल्या रक्तपरीक्षेच्या अभ्यासांत त्यांच्यांत मध्यपूर्वेंतील यहुदी व हिंदी अशा दोन्ही घराण्यांचा अंश सांपडला. म्हणजे हेही आले व मिसळले. पण मिसळल्याची लाज मानण्याचा रोग त्यांनाही आपल्याच हवेंतून लागला. त्यांच्यांत गोरे इस्राएल व काळे इस्राएल असे दोन भाग पडले. ज्यांची आई परजातीची त्यांना काळे म्हणावयाचें, त्यांच्याशीं रोटीबेटी बंद. घाण्याला जुंपलेल्या माणसालाही आपल्या खालीं कोणी तरी हवा असतो. ही गोष्ट मी त्यांना दोष देण्यासाठीं सांगत नाहीं. आपल्यापैकीं कोणत्या जातीनें ही चूक केली नाहीं?

१९४८ सालीं इस्राएलचें नवें राज्य झालें आणि हे लोक मोठ्या आशेनें तिकडे जाऊं लागले. हरवलेलीं मुलें घरीं आलीं, असा सोहळा व्हावयास हवा होता. प्रत्यक्षांत काय झालें? काळे म्हणून आपल्याला हलक्या वागणुकीचा अनुभव आला अशी त्यांची तक्रार झाली. त्यांनीं सत्याग्रह मांडला, आणि १९५२ सालीं कांहीं कुटुंबें परत हिंदुस्थानांत आलीं. त्याहून मोठा घाव पुढें बसला. मुख्य रब्बींच्या कचेरीनें १९६०–६२ च्या सुमारास असें फर्मान काढलें कीं, बेने इस्राएल मुलामुलीचें लग्न लावण्यापूर्वीं त्यांच्या आईची, आजीची व त्यामागचीही चौकशी करावी. कारण काय? हे लोक इतके प्राचीन काळीं वेगळे झाले कीं, घटस्फोटाचे पुढें ठरलेले नियम त्यांना माहीत नसावेत. तेव्हां त्यांच्या वंशांत कांहीं बट्टा असण्याचा संशय आहे! पाहा बरें हा न्याय. ज्या प्राचीनपणाचा अभिमान धरावयास शिकविलें, तोच प्राचीनपणा गुन्हा ठरला. शतकानुशतकें समुद्राकांठच्या गांवांत ज्यांनीं शनिवार मोडला नाहीं, त्यांच्या नातीला लग्नाच्या वेळीं पणजीचा दाखला आणावयास सांगितलें.

पण ह्या तेल्यांच्या नातवांनीं हात जोडून दाखले गोळा केले नाहींत. १९६४ च्या उन्हाळ्यांत ते यरुशलेमांत रस्त्यावर बसले. बायकामुलांसह बसले. त्यांचें म्हणणें एकच होतें: चौकशी करावयाची तर सर्वांची करा, नाहीं तर आमचीही करूं नका. ऑगस्ट १९६४ मध्यें इस्राएलच्या क्नेसेटनें, म्हणजे तेथील लोकसभेनें, बेने इस्राएल हे सर्व बाबतींत इतरांच्या बरोबरीचे यहुदी आहेत असें जाहीर केलें, आणि रब्बींना आपल्या फर्मानांतून त्यांचें नांव काढावें लागलें. हा जय त्यांना वंशावळीनें मिळाला नाहीं. एकजुटीनें मिळाला.

हबसाणांतील बेता इस्राएल लोकांची हकीकत ह्याच जातीची आहे. तिकडे त्यांना फलाशा, म्हणजे परके, म्हणून हिणवीत. जमिनीची मालकी त्यांच्याकडून गेली होती, म्हणून ते लोहारकी, कुंभारकाम व विणकाम करून राहत. त्यांनीं घडविलेला फाळ व मडकें शेजाऱ्यांना हवें असे. पण आगीशीं खेळणारे हे लोक नजर लावतात, रात्रीं तरस होतात, असें म्हणून शेजारी त्यांना दूर ठेवीत. फाळ चालतो, फाळ करणारा चालत नाहीं. हें तुम्हांला निराळें समजावून सांगावयास नको. १९७३ सालीं ओवाद्या योसेफ ह्या मुख्य रब्बीनें, हे लोक दान वंशाचे आहेत, असा निर्णय दिला. आधार कोणता? जुन्या धर्मशास्त्र्यांचीं मतें; आणि त्या मतांच्या मुळाशीं तोच नवव्या शतकांतला एल्दाद! हजार वर्षांपूर्वींच्या एका वाटसरूच्या बोलण्यानें लोहार-कुंभारांना देशाचें दार उघडलें. १९८४-८५ मध्यें सुदानांतून हजारों माणसें विमानांनीं नेलीं. मे १९९१ मध्यें तर सुमारें छत्तीस तासांत चौदा हजारांहून अधिक माणसें नेलीं. तरीसुद्धां, तुमच्याबद्दल शंका उरूं नये म्हणून शुद्धीचें स्नान करा, असें त्यांना सांगण्यांत आलें. त्याविरुद्ध १९८५ सालीं तेही यरुशलेमांत रब्बींच्या कचेरीपुढें धरणें धरून बसले. १९९६ सालीं उघडकीस आलें कीं, त्यांनीं दान केलेलें रक्त रक्तपेढी गुपचूप फेंकून देत होती. वंश मान्य झाला, रक्त मान्य झालें नाहीं.

आपल्या देशांत मणिपूर व मिझोराम ह्या बाजूचे कांहीं लोक आपल्याला मनश्शे वंशाचे म्हणवितात. त्यांना २००५ मध्यें मान्यता मिळाली, पण धर्मांतराचा विधि करण्याच्या अटीवर. आंध्रांत गुंटूर जिल्ह्यांतील मादिगा समाजाचीं, म्हणजे चामड्याचें काम करणाऱ्या अस्पृश्य मानलेल्या समाजाचीं, कांहीं कुटुंबें आपल्याला एफ्राइम वंशाचीं सांगतात. त्यांच्या कथेच्या खरेखोटेपणाबद्दल त्यांची थट्टा करणें मला योग्य वाटत नाहीं. ज्याला स्वतःच्या गांवांत माणूस म्हणून पाणी मिळालें नाहीं, त्यानें दूरच्या देशांत बाप शोधला, तर दोष त्याचा कीं गांवाचा?

बंधुभगिनींनो, आपल्यांत म्हण आहे कीं, नदीचें मूळ व ऋषीचें कूळ विचारूं नये. म्हण चांगली आहे. पण व्यवहारांत ती ऋषीपुरतीच ठेवली गेली आहे. तेल्याचें, लोहाराचें, चांभाराचें कूळ मात्र पाणवठ्यावर विचारतात, लग्नांत विचारतात, शाळेच्या दारांत विचारतात. म्हणून ह्या सर्व हकीकतींतून तुम्ही घरीं काय न्यावें, तें सांगतों.

पहिली गोष्ट ही कीं, कोणी तुम्हांला थोर वंशाचा कागद देऊं लागला, तर तो कागद कोणाच्या सहीनें चालतो हें विचारा. जो सही करतो, तो सही काढूनही घेतो. बेने इस्राएलांना मोठेपणा देणारी कथा व त्यांना लग्नाच्या दारांत अडविणारी कथा एकच होती. दुसरी गोष्ट ही कीं, तुमच्या हातचें काम दुसऱ्याच्या नांवावर चढूं देऊं नका. गांवचा बांध कोणीं घातला, विहीर कोणीं खणली, देवळाचा दगड कोणीं घडविला, हें आपल्या मुलांना नांवानिशीं सांगा, लिहावयास शिका आणि लिहून ठेवा. अमेरिकेच्या मूळ रहिवाशांनीं टोपल्यांनीं माती वाहिली. पण त्यांचा इतिहास लिहिणारे हात दुसऱ्याचे होते, आणि त्यांना घरदार सोडून चालावें लागलें. तिसरी गोष्ट ही कीं, तुमच्या खालीं कोणी काळा इस्राएल ठेवूं नका. वरच्यानें आपल्याला विचारलेला प्रश्न आपण खालच्याला विचारूं लागलों, म्हणजे वरच्याचें काम आपणच फुकट करून देतों.

माणसाला हक्क मिळावयाचा तो पणजोबाच्या नांवावर मिळावयाचा नसून, तो माणूस आहे व कष्ट करून खातो, एवढ्यावर मिळाला पाहिजे. केहीमकर व त्यांच्या सोबत्यांनीं वंशाचा वाद घातला हें खरें, पण त्याबरोबरच १८७५ सालीं मुंबईत आपल्या लोकांसाठीं शाळाही काढली. घाण्यावरचीं पोरें त्या शाळेंत शिकून कारकून, शिक्षक व डॉक्टर झालीं. शंभर वंशावळींपेक्षां ती एक शाळा त्या समाजाच्या जास्त उपयोगी पडली, असें माझें स्पष्ट मत आहे. तुम्हीही आपापल्या गांवीं तेवढेंच करा. मूळ कोठलें हें विचारणाऱ्याला तुमचीं मुलें आपोआप उत्तर देतील.